ट्रोग्युलिडी कुळातले हार्वेस्टमन (कोळ्यांचे आठ पायांचे नातलग) मातीत राहून खातात तरी काय?

थोडक्यात: गोगलगायी. जवळजवळ फक्त शंखवाल्या गोगलगायीच.

हार्वेस्टमन म्हटलं की लांब काटकुळ्या पायांचा प्राणी आठवतो. ट्रोग्युलिडीचं रूप मात्र वेगळं: चपटं, चिवट अंग, आखूड पाय आणि डोक्यापुढे तोंडाचे अवयव झाकणारी टोपी. अंगावर मातीचा थर चिकटलेला असतो, त्यात धोका जाणवला की हे निपचित पडून राहतात. मग समोर असूनही मातीचं ढेकूळच वाटतं.

शंख फोडायची ताकद त्यांच्यात नाही. ते शंखाच्या तोंडातून आत घुसतात आणि गोगलगाय आतल्या आत फस्त करतात. चपट्या अंगाचा फायदा इथे कळतो. मला यातली सगळ्यात धूर्त गोष्ट पुढची वाटते: मादी रिकाम्या शंखात अंडी घालते. जेवणही तिथेच, बाळंतपणही तिथेच!

हे कुळ मुख्यतः युरोप आणि भूमध्य समुद्राभोवतालचं. पालापाचोळ्यात, दगडांखाली, विशेषतः चुनखडीच्या जमिनीत सापडतं, कारण शंख बनवायला लागणारा चुना तिथे असल्याने गोगलगायी भरपूर असतात. ट्रोग्युलस ट्रायकॅरिनेटस ही जाती माणसांमुळे उत्तर अमेरिकेतही पोचली आहे.

आणि हो, हे कोळी नव्हेत. यांना विष नाही, जाळं विणायला रेशीमही नाही.