आधी तोफेची नळी बघा

तोफखान्याच्या कवायतीची जुनी फिल्म हाती आली की नवखा माणूस आधी गणवेश बघतो. मीही तेच करायचो आणि दोनदा तोंडघशी पडलो. गणवेश वर्षानुवर्षं तोच चालतो. तुम्ही तोफ बघा. बार झाल्यावर अख्खा गाडा चाकांसकट मागे उसळतो आणि गोलंदाज धावत जाऊन तो पुढे ढकलतात? की गाडा जागीच, नुसती नळी मागे सरकून परत येते? मैदानी तोफेत हे दुसरं दिसलं, तर चित्रीकरण बहुधा फ्रेंचांच्या १८९७ च्या ७५ मिलिमीटर तोफेनंतरचं. उलट मात्र खरं नाही. जुन्या तोफा पुढेही बरीच वर्षं वापरात होत्या. शिवाय कवायतीत पुष्कळदा गोळ्याविना नुसती दारू उडवत, तेव्हा धक्काच कमी बसतो. हे विसरलात तर फसाल.

माणसं लुटुलुटु धावताना दिसली तर हसू नका. तेव्हा कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवायचा, सेकंदाला साधारण १६ चित्रं. आपण ती २४ ने चालवतो, म्हणजे वेग दीडपट. तो आधी उतरवा, मगच गोळा भरायला लागलेला वेळ मोजा.

'बोअर युद्धातलं प्रत्यक्ष दृश्य' (म्हणजे १८९९ ते १९०२ मधलं दक्षिण आफ्रिकेतलं युद्ध) अशी पाटी दिसली की सावध व्हा. त्या काळी अशी बरीच दृश्यं रणांगणापासून लांब, सोंग आणून टिपली जात. तोफेच्या तोंडासमोर कॅमेरा आणि गोलंदाज निवांत, तर ती लढाई नव्हे.

मूळ रीळ नायट्रेटची, म्हणजे सेल्युलोज नायट्रेट या जुन्या प्लास्टिकची असेल तर ती प्रोजेक्टरवर चढवू नका. भसकन पेटते.