जोसेफ जेफरसन या अमेरिकन नटाने एकाच भूमिकेवर चाळीस वर्षं कशी काढली?

'रिप व्हॅन विंकल' नाटकातल्या रिपच्या भूमिकेवर चाळीस वर्षं खरी, पण त्याआधीची उमेदवारीही मोठी होती. जेफरसनचा जन्म 1829 चा, फिलाडेल्फियातल्या नटांच्या घराण्यातला. चार वर्षांचा असतानाच रंगमंचावर आला. वडील लवकर गेले, मग गावोगाव फिरत्या नाटकमंडळींत पडेल ते काम. 1858 मध्ये न्यूयॉर्कला 'अवर अमेरिकन कझिन' या नाटकातल्या एसा ट्रेंचर्डच्या भूमिकेने नाव झालं. पुढे चार वर्षं ऑस्ट्रेलियात.

'रिप व्हॅन विंकल' त्याने 1859 लाच करून पाहिलं होतं, पण संहिता पांगळी होती. 1865 मध्ये लंडनला नाटककार डायन बूसिकोकडून ती नव्याने लिहून घेतली आणि नाटक उभं राहिलं. रिप म्हणजे वीस वर्षं झोपून म्हातारा होऊन उठणारा दारुडा. जेफरसनचं बळ माझ्या मते इथेच: हसवता हसवता तो प्रेक्षकाला रडवायचा. त्या काळच्या आरडाओरड्याच्या विनोदात हे वेगळंच होतं. शिवाय सुरुवातीला मेकअपने आणलेलं म्हातारपण पुढे आपसूकच आलं!

1896 मध्ये याच नाटकातले काही प्रसंग चित्रपटासाठीही केले. 1904 मध्ये निवृत्ती, 1905 मध्ये निधन. 'द रायव्हल्स'मधला त्याचा बॉब एकर्सही गाजला होता, पण लोकांना हवा असायचा रिपच.