‘सह्याद्री पर्वत’ म्हणावं का?

प्रश्न असा आला आहे: ‘अद्रि’ म्हणजेच पर्वत, मग ‘सह्याद्री पर्वत’ ही द्विरुक्ती नाही का? आणि तसं असेल तर ‘सिएरा नेवाडा पर्वतरांग’ हेही चूकच ना?

व्युत्पत्ती बघितली तर आक्षेप बरोबर आहे. मूळ नाव नुसतं ‘सह्य’. पुराणांतल्या सात कुलपर्वतांच्या यादीत महेंद्र आणि मलय यांच्या पाठोपाठ ‘सह्य’ एवढंच येतं. पण त्याच यादीतला मलय बघा. तमिळमध्ये ‘मलै’ म्हणजे डोंगर, आणि ‘मलय’ त्यावरूनच संस्कृतात आला असं बहुतेक अभ्यासक मानतात. संस्कृतात आल्यावर तो अर्थ कुणाच्या कानाला जाणवेना, म्हणून बिनदिक्कत ‘मलयगिरी’ झालं, ‘मलयपर्वत’ही झालं. डोंगरडोंगर! तेव्हा सह्याद्रीच्या बाबतीत आपण काही नवा अपराध केलेला नाही.

हे सगळीकडेच होतं. चिनी ‘शान’ म्हणजे पर्वत, ‘तियान शान’ म्हणजे आकाशपर्वत. तरी नकाशावर आपण पुढे ‘पर्वत’ लिहितोच. दक्षिण आफ्रिकेतल्या ड्राकेन्सबर्गमधला ‘बर्ग’ही तोच.

‘सिएरा’ची गंमत जास्त आहे. स्पॅनिशमध्ये सिएरा म्हणजे करवत. करवतीच्या दात्यांसारखी शिखरांची ओळ दिसली की ती सिएरा, म्हणजे ‘रांग’ तिच्यात आलीच. ‘नेवाडा’ म्हणजे बर्फाच्छादित. हे नाव निव्वळ वर्णन असल्यामुळे एकाहून जास्त ठिकाणी चिकटलं. एक सिएरा नेवाडा स्पेनमध्ये ग्रानादाजवळ, मुलासेन हे तिचं सर्वोच्च शिखर, ३,४७९ मीटर. दुसरी कॅलिफोर्नियात, १७७६ साली पेद्रो फाँट या पाद्रीबाबांनी ती लांबून पाहिली आणि बर्फाळ करवत म्हणून नोंदली. तिथलं व्हिटनी शिखर ४,४२१ मीटर. त्यात अमेरिकेत नेवाडा नावाचं राज्यही आहे, आणि ही रांग बहुतांशी त्या राज्याबाहेर आहे! अशा वेळी मराठी वाचकासाठी ‘पर्वतरांग’ जोडणं ही चूक नव्हे, सोय आहे.

(‘हिमालय पर्वत’वर मात्र कुणी घसरू नये. हिम अधिक आलय, बर्फाचं घर. त्यात पर्वत कुठेच नाही.)

माझी कसोटी कानाची. मूळ अर्थ बोलणाऱ्याला ऐकू येत नसेल तर जोडलेला शब्द खटकत नाही. पीतांबर म्हणजेच पिवळं वस्त्र, पण विठोबाचा ‘पिवळा पीतांबर’ कुणाला खटकला आहे? याउलट ‘माउंट किलिमांजारो पर्वत’ मला खटकतं, कारण माउंटचा अर्थ आता शाळकरी पोरालाही ठाऊक असतो. तिथे एक शब्द खुशाल उडवावा.

सह्याद्रीपुढे मी स्वतः ‘पर्वत’ लावत नाही. ‘सह्याद्रीच्या रांगा’ किंवा नुसतं ‘सह्याद्री’. पण दुसऱ्याने लावला तर लाल शाई काढत नाही.