शैलीची घाई करू नकोस

चि. ...,
अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेली शाईची निसर्गचित्रं पाहिली. हात चांगला आहे. पण ‘माझी स्वतःची शैली कधी तयार होईल?’ हा तुझा प्रश्न मला घाईचा वाटला. तू ह्वांग गोंगवांग या जुन्या चिनी चित्रकाराकडे जा.

जन्म १२६९चा. मंगोल राजवटीत कारकुनी केली, करवसुलीच्या एका प्रकरणात तुरुंगात गेला, पुढे ताओ पंथात शिरला. चित्रकलेत मन लावून पडला तो पन्नाशीच्या आसपास. आणि त्याचं सर्वांत मोठं काम, फुछुन नदीकाठच्या डोंगरांचं लांबलचक गुंडाळीचित्र, त्याने अठ्ठ्याहत्तरीच्या सुमारास हाती घेतलं.

त्या चित्राच्या शेवटी त्यानेच लिहून ठेवलंय. सवडीच्या दिवसांत कुंचला घेतला, मन रमलं, थकवा न जाणवता सगळा आराखडा मांडून झाला. मग जमेल तशी भर. तीन-चार वर्षं झाली तरी चित्र अपुरंच, कारण ते डोंगरातल्या घरी आणि हा बाहेर भटकत. ज्याच्यासाठी ते काढलं, त्या वूयोंग नावाच्या साधूला धास्ती, कुणीतरी लाटेल! म्हणून अपुऱ्या चित्रावरच त्याने आपल्या नावाची नोंद करून घेतली. साल १३५०.

आराखडा एका दमात, भर सावकाश. तू नेमकं उलट करतेस. आधी एकेका झाडावर जीव ओततेस आणि मग डोंगर कुठे बसवायचा यावरून तुझी ओढाताण होते.

चित्राचा फोटो मोठा करून उतार बघ. वाखाच्या सुट्या धाग्यांसारख्या लांब, किंचित वळणाऱ्या रेघा एकमेकींवर चढल्यात. खाली फिकट, पाणीदार शाई. वर जवळजवळ कोरड्या कुंचल्याची रेघ, कागदाला घासत गेलेली. मधे पांढरं राहतं आणि तिथेच माती दिसायला लागते. गडद ठिपके सगळ्यांत शेवटी. रंग एकही नाही. मला तरी या संयमापुढे दुसरं काही उभं राहिलेलं दिसत नाही.

१६५०मध्ये चित्राच्या तेव्हाच्या मालकाने मरताना ते आगीत टाकायला लावलं. पुतण्याने ओढून काढलं, पण दोन तुकडे झाले. मोठा, सहा मीटरहून लांब, तैवानमध्ये तैपेईत आहे. लहान चीनमधल्या हांगचौच्या संग्रहालयात. २०११मध्ये दोन्ही तैपेईत एकत्र मांडले होते.

लहान तुकडा जेमतेम ५१ सेंटीमीटर लांब. नकलेला तोच घे. झाडं सोड, फक्त उतारांवरच्या रेघा कर, आणि पहिला थर पुरता वाळल्याशिवाय दुसऱ्याला हात लावू नकोस. बाहेर पडताना कुंचला बरोबर ठेव. ह्वांग शिकणाऱ्यांना हेच सांगायचा: कातडी पिशवीत कुंचला असू द्या, वेगळं झाड दिसलं की तिथेच उतरवून घ्या.

नकलेचा कागद पाठव, बिघडला असला तरी. शैलीचं त्यानंतर बोलू.