गोळ्या लागतात, तळ मात्र शाबूत!

प्रश्न : ‘झेव्हियस’ या जुन्या आर्केड (नाणे टाकून खेळायच्या यंत्रावरील) व्हिडिओ खेळात अचूक गोळीबार करूनही शत्रूचे जमिनीवरील तळ नष्ट का होत नाहीत?

उत्तर : मासानोबू एंडो यांनी रचलेल्या आणि जपानच्या नाम्को कंपनीने १९८२-८३च्या सुमारास आणलेल्या या खेळात खेळाडूच्या ‘सोल्व्हालू’ विमानाच्या गोळ्या केवळ हवेतल्या परग्रही शत्रूंना लागतात, जमिनीवरील तळांसाठी बॉम्बचे स्वतंत्र बटण असून, विमानापुढे ठरावीक अंतरावर दिसणारी नेमाची खूण तळावर आली की ते दाबावे. गरगरत येणाऱ्या ‘बाकुरा’ पाट्यांवर मात्र गोळ्या वाया घालवू नयेत. २५६ गोळ्यांनी त्या फुटतात, ही जपानी खेळाडूंमधली निव्वळ (पण मोठी गोड) अफवा होती. शिवाय खेळाडू जितका निष्णात, तितके कठीण शत्रू समोर येतात, आणि आमच्या मते खरी गंमत त्यातच आहे.