'आणि' व 'किंवा' यांच्यात अडकलेली अकरावी

'दहावीला गणितात चांगले गुण होते. सायन्सला गेल्यापासून मात्र ती वहीच उघडत नाही. शाखा बदलून घ्यावी का?' हा प्रश्न अकरावीचे वर्ग सुरू झाले की दादरच्या माझ्या केंद्रात येणारे पालक हमखास विचारतात. परळहून मुलीला घेऊन आलेल्या एका आईंचा प्रश्नही हाच होता. त्या महापालिकेच्या दवाखान्यात परिचारिका आहेत.

अशा वेळी मी गुणपत्रिकेऐवजी वही मागते, कारण भीती नेमकी कुठे बसली आहे हे वहीत दिसते. या मुलीची समीकरणे बिनचूक होती. गाडी अडत होती ती असमानतांपाशी. 'क्ष < −1 किंवा क्ष > 4' हे उत्तर तिने '4 < क्ष < −1' असे एका ओळीत बांधले होते आणि त्यावर लाल फुली होती. मी तिला म्हटले, "4 पेक्षा मोठी आणि त्याच वेळी −1 पेक्षा लहान अशी एक संख्या सांग." ती थोडा वेळ वहीकडे पाहत राहिली आणि म्हणाली, "अशी संख्या नाहीच." जिला हे स्वतःहून दिसते ती मुलगी गणितात कच्ची नाही, असे माझे ठाम मत आहे. तिने फक्त लिहिलेले वाचून पाहिले नव्हते.

मग मी आईंना त्यांच्या लसींच्या फ्रिजबद्दल विचारले. लसी 2 ते 8 अंश सेल्सिअस तापमानात ठेवायच्या असतात आणि तापमान दिवसातून दोनदा पाहून नोंदवायचे असते, हे त्यांनी सांगितले. 8 च्या वर गेल्यास लसीची शक्ती हळूहळू कमी होते, पण 2 च्या खाली उतरून हिपॅटायटिस-बी किंवा पेंटाव्हॅलंट लस गोठली तर ती थेट वाया जाते. "म्हणून दोन्ही टोकं सांभाळावी लागतात," असे त्या म्हणाल्या, तेव्हा मुलीने विचारण्याआधीच लिहिले: 2 ≤ त ≤ 8. येथे दोन्ही अटी एकाच वेळी पाळायच्या आहेत, म्हणून 'आणि'. आईने वरिष्ठांना कधी कळवायचे? त < 2 किंवा त > 8. येथे एक अट पुरते, आणि संख्यारेषेवर दोन तुकडे एकमेकांपासून दूर पडतात. ते एका साखळीत ओवता येत नाहीत, हे तिला रेषा काढल्यावर पटले.

टोकाची संख्या धरायची की सोडायची, हा तिचा दुसरा गोंधळ होता. लोकलमध्ये 5 वर्षे पूर्ण झालेल्या पण 12 पूर्ण न झालेल्या मुलाला अर्धे तिकीट लागते: 5 ≤ व < 12. पाचवर भरीव ठिपका, बारावर पोकळ. तिचा धाकटा भाऊ लवकरच बारा वर्षांचा होणार असल्याने तो पोकळ ठिपका तिला समजावून सांगावा लागला नाही.

ऋण संख्यांना मात्र वेळ लागला. पोलिओच्या तोंडावाटे द्यायच्या लसीचा साठा डीप फ्रीझरमध्ये उणे 15 ते उणे 25 अंशांत असतो. ते तिने '−15 ≤ त ≤ −25' असे लिहिले, कारण बोलताना पंधरा आधी येतात; पण −25 ही −15 पेक्षा लहान, म्हणून हवे होते −25 ≤ त ≤ −15. ऋण संख्येने भागताना चिन्ह उलटायचे ती अजूनही कधीकधी विसरते; त्यासाठी उत्तरातली एक संख्या मूळ उदाहरणात घालून पाहण्याची सवय मी लावून दिली.

आईंना मी एकच विनंती केली, की "एवढं साधं कळत नाही का?" हे वाक्य घरात नको, ते ऐकून मूल विचार करायचे थांबते आणि आपल्याला काय हवे असेल त्याचा अंदाज बांधू लागते. भौतिकशास्त्र व रसायनशास्त्र तिला मनापासून आवडतात. एका प्रकरणात अडखळली म्हणून शाखा बदलणे तिच्यावर अन्याय करणारे ठरेल, असे मी स्पष्ट सांगितले, आणि निर्णय पहिल्या सत्राच्या निकालापर्यंत थांबवला.

पुढच्या भेटीत ती केवल मूल्याची, म्हणजे संख्यारेषेवरील अंतराची, उदाहरणे घेऊन आली. |त − 5| ≤ 3 हे आईच्या फ्रिजचेच तापमान आहे, 5 हा मध्य आणि दोन्ही बाजूंना 3 अंशांची मुभा, आणि चिन्ह उलटून |त − 5| > 3 केले की 'किंवा' येतो, हे तिने मला रेषा काढून दाखवले.