स्पेल, गॉस्पेल आणि गारूड

प्रश्न असा आलाय की इंग्रजीतला जादूवाला 'स्पेल', शाळेतलं 'स्पेलिंग' आणि चर्चमधलं 'गॉस्पेल' यांत जो स्पेल ऐकू येतो तो एकच का, आणि फँटसी कादंबरी मराठीत आणताना स्पेलला सरसकट 'मंत्र' म्हटलं तर चालेल का. पहिल्याचं उत्तर सोपंय, हो, एकच. दुसऱ्याचं उत्तर माझ्या मते नाही, आणि ते का हे सांगायला जरा लांबून यावं लागेल.

जुन्या इंग्रजीत स्पेल म्हणजे नुसतं सांगणं, बोलणं, कथा. चांगलं या अर्थाचा त्यांचा तेव्हाचा शब्द उच्चारात साधारण आपल्या 'गोड'सारखा होता (योगायोग हो, नातं काही नाही), त्याला हे स्पेल जोडलं आणि ग्रीकमधल्या एव्हँगेलियनचं सरळ भाषांतर झालं, चांगली बातमी. पुढे तो ओकार आखूड झाला आणि लोकांना त्यात 'गॉड', म्हणजे देव, ऐकू यायला लागला, म्हणून आज बऱ्याच जणांना वाटतं की गॉस्पेल म्हणजे देवाचं काहीतरी. जर्मनमध्ये उदाहरणाला बाइश्पील म्हणतात, तेसुद्धा मुळात बिस्पेल, म्हणजे जोडीला सांगितलेली गोष्ट, दृष्टांत. स्पेलिंगवालं स्पेल याच कुळातलं, फक्त फ्रेंचांच्या घरी राहून परत आलेलं. आणि जादूचा अर्थ बराच उशिरा, सोळाव्या शतकाच्या शेवटाकडे रुळला. पावसाचा स्पेल किंवा बोलरचा स्पेल मात्र वेगळ्या मुळाचा, तो यात धरू नका.

म्हणजे इंग्रजीत प्रवास झाला कथेकडून मंत्राकडे. 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज' लिहिणाऱ्या टॉल्किननी १९३९ साली सेंट अँड्र्यूज विद्यापीठात परीकथांवर व्याख्यान दिलं, त्यावरून पुढे जो निबंध छापला त्यात त्यांनी हेच बोट ठेवून दाखवलंय, की एकाच शब्दाला सांगितलेली गोष्ट आणि जिवंत माणसांवर चालणारी शक्ती असे दोन्ही अर्थ आहेत यात नवल नाही. हा माणूस जुन्या इंग्रजीचा प्राध्यापक आणि श्रद्धावान कॅथलिक, त्याला हे दोन अर्थ एकाच घरातले वाटणं साहजिकच होतं.

आता आपलं 'गारूड' बघा. गरुडावरून आलेलं, आधी सापाचं विष उतरवायचा मंत्र, मग गारुड्याचा खेळ, आणि आज आपण म्हणतो की अमुक पुस्तकाचं माझ्यावर वर्षानुवर्षं गारूड होतं. मराठीत प्रवास नेमका उलटा झाला, मंत्राकडून कथेच्या पकडीकडे, पण मुक्कामाचं गाव तेच. त्यामुळे कथेने, आवाजाने, गाण्याने कोणी भारून गेलं असेल तिथे स्पेलला गारूड हाच शब्द मी डोळे मिटून घेईन. टॉल्किनच्याच कथेतल्या सारुमान या जादूगाराचा आवाज आठवा, तो काही पुटपुटत नाही, नुसता गोड आणि शहाणं बोलतो आणि ऐकणाऱ्याला त्याचं सगळं पटत जातं. तिथे 'मंत्र' लिहिलं की मजाच गेली.

मंत्राची अडचण ही की कथेतल्या मंत्रात (कथेतल्यापुरतंच बोलतेय) म्हणणारा माणूस कसा आहे याला महत्त्व नसतं, उच्चार बिनचूक असला की झालं. आणि ख्रिस्ती श्रद्धेतून आलेल्या फँटसीत खरा भांडणाचा मुद्दा हाच आहे. सी. एस. लुईस या इंग्रजी लेखकाच्या नार्निया या मुलांच्या कादंबरीमालेत १९५५ चं एक पुस्तक आहे त्यात दोन्ही टोकं समोरासमोर ठेवलीत. चार्न नावाच्या जगाची राणी जेडिस, बहिणीशी युद्धात हरायची वेळ आली तेव्हा एकच शब्द उच्चारते आणि उच्चारणारी सोडून त्या जगातला प्रत्येक जीव मरतो. त्याच पुस्तकात पुढे सिंह गात गात नवं जग घडवतो आणि काही प्राण्यांना निवडून बोलायची शक्ती देतो. तो गातो, बोलतो आणि दुसऱ्यालाही बोलतं करतो. तिचा शब्द बोलायला कोणी शिल्लकच ठेवत नाही. शब्दात बळ आहे हे दोघांच्याही बाबतीत खरं, पण बळ कुणासाठी वापरलं हे बघितलं की सगळा फरक कळतो.

टॉल्किनच्या अंगठीच्या कथेत मोरियाच्या खाणीचं दार आहे, तो प्रसंग तर भाषांतर करणाऱ्या प्रत्येकाने एकदा हाताळून बघावा. दारावर एल्फ नावाच्या जमातीच्या भाषेतला लेख आहे आणि गॅन्डाल्फ हा जादूगार तो वाचतो, 'बोल, मित्रा, आणि आत ये'. मग तो परवलीचा शब्द शोधत बसतो, एल्फांचे, माणसांचे, ऑर्कांचे सगळे मंत्र म्हणून बघतो, दार ढिम्म हलत नाही. शेवटी त्याच्या लक्षात येतं की वाक्य वेगळं वाचायचं होतं, 'मित्र' असं म्हण आणि आत ये. तो 'मेल्लोन' म्हणतो, म्हणजे मित्र, आणि दार उघडतं. सगळे मंत्र फुकट गेले आणि काम केलं एका साध्या शब्दाने, जो दारावर सगळ्यांच्या डोळ्यांसमोरच कोरलेला होता. गॅन्डाल्फच म्हणतो की हे इतकं सोपं होतं की संशयाच्या काळातल्या विद्वानाला दिसेना, ते दार केलं तो काळ जास्त सुखाचा होता.

मराठीत पंचाईत अशी की आपलं संबोधन वेगळं होतं. 'मित्रा' लिहिलं तर दुसरा अर्थ निघतच नाही, 'मित्र' लिहिलं तर कोडं पहिल्याच ओळीत फुटतं. हाक मारताना ज्याचं रूप बदलत नाही असा शब्द हवा. 'भाऊ' चालेल पण अर्थ सरकतो. मी 'दोस्त' घेईन, कारण बोलताना आपण 'दोस्ता' म्हणतो तसं नुसतं 'दोस्त' पण म्हणतोच. 'बोल दोस्त आणि आत ये', दगडावर स्वल्पविराम नसतोच, दोन्ही अर्थ शाबूत राहतात.

आता बायबलकडे. बायबलचा जुना भाग ज्या भाषेत आहे त्या हिब्रूत 'दावार' म्हणजे शब्द, आणि दावार म्हणजेच बाब, वस्तू, घडलेलं काहीतरी. बायबलच्या पहिल्या पुस्तकात, उत्पत्तीत, 'प्रकाश होवो' असं म्हटलं जातं आणि प्रकाश होतो, म्हणणं आणि होणं यांत फट नाही. मराठीत याच्या जवळ जाणारा शब्द म्हणजे आपली रोजची 'गोष्ट'. गोष्ट सांग म्हणजे कथा सांग, आणि चांगली गोष्ट घडली म्हणजे खरंच काहीतरी घडलं. इंग्रजीत यासाठी दोन वेगळे शब्द लागतात, आपल्याला एकच पुरतो, आणि लहान मुलाला सुद्धा तो अडत नाही.

टॉल्किनबद्दल एक गोष्ट कमी लोकांना माहीत असते की १९६६ च्या इंग्रजी जेरुसलेम बायबलच्या कामात ते होते आणि योनाचं पुस्तक त्यांनी भाषांतरित केलं. योना हा बायबलमधला संदेष्टा, तो निनवे शहरात जाऊन जे ओरडतो ते हिब्रूत जेमतेम पाच शब्दांचं आहे, अजून चाळीस दिवस आणि निनवे उलथणार. यातलं शेवटचं क्रियापद बघण्यासारखं आहे, त्याचा अर्थ उलथून नष्ट होणं असाही होतो आणि पालटणं, बदलून जाणं असाही. लोक ऐकतात, राजा सिंहासनावरून उतरून राखेत बसतो, शहर वाचतं, आणि योना रुसतो कारण त्याच्या दृष्टीने त्याचं भाकीत फसलं. मंत्र असता तर खरंच फसला म्हटलं असतं. पण शब्द होता, ऐकणाऱ्याने ऐकला, आणि निनवे पालटलीच की! मराठीत 'निनवे पालटेल' असं कोणी केलं तर मला फार आवडेल, 'उलथापालथ'मधला पालट आणि मन पालटण्यातला पालट दोन्ही त्यात येतात.

बायबलच्या जुन्या ग्रीक भाषांतरात त्या जागी जे क्रियापद आहे त्याच मुळापासून 'कॅटास्ट्रॉफी', म्हणजे मोठं संकट, हा शब्द आलाय. आणि टॉल्किननी त्या निबंधात स्वतःचा एक शब्द घडवला, 'युकॅटास्ट्रॉफी', म्हणजे सगळं संपलं असं वाटत असताना अचानक आलेली चांगली कलाटणी, आणि शुभवर्तमान, म्हणजेच गॉस्पेल, ही अशी सगळ्यात मोठी कलाटणी असं ते म्हणतात. योनाशी हा दुवा मी जोडतेय, त्यांनी जोडल्याचं माझ्या वाचनात नाही, पण शब्दांच्या मुळांकडे बघितलं की तो समोर उभाच राहतो.

बायबलमधल्या योहानाच्या शुभवर्तमानाच्या सुरुवातीला मराठीत 'प्रारंभी शब्द होता' असं आहे, हिंदीत 'वचन' आहे. शब्द हा शब्द आपल्याकडे नुसता उच्चार नाही, आपण शब्द देतो, शब्द पाळतो, कुणासाठी शब्द टाकतो, कुणाच्या शब्दाबाहेर जात नाही. म्हणजे शब्दामागे माणूस उभा असतो. तुकोबांचं 'शब्दचि हा देव' ज्या कानांनी ऐकलंय त्यांना ही ओळ परकी वाटायचं कारणच नव्हतं. आणि स्टीफन्स नावाचा इंग्रज जेझुइट (एका कॅथलिक संघाचा) धर्मगुरू गोव्यात आला आणि १६१६ साली ख्रिस्ताची कथा मराठीत छापली तेव्हा त्याने तिला पुराण म्हटलं, ओवीत रचली, आणि भाग केले पैलें पुराण आणि दुसरें पुराण. लोकांना पुराण ऐकायची सवय होती, त्याने त्याच वाटेने जायचं ठरवलं.

'शुभवर्तमान'बद्दल एवढंच की त्यातलं वर्तमान हे वर्तमानपत्रातलं, बातमीचं, काळाचं नाही. नव्या वाचकाला तिथे वर्तमानकाळ ऐकू येतो म्हणून वसईकडे रुळलेला 'सुवार्ता' मला जास्त मोकळा वाटतो.

तर तुमच्या भाषांतरासाठी: ठराविक अक्षरं म्हणून काम होत असेल तिथे मंत्र ठेवा, कोणी भारलं जात असेल तिथे गारूड, आणि जेडिससारख्या प्रसंगात फक्त 'शब्द' ठेवा, पुढे 'शापित' वगैरे विशेषण नको, लुईसनी विशेषण लावलंय खरं पण मराठीत 'तो शब्द' एवढ्यानेच अंगावर काटा येतो.